सायकल, कुलूप आणि आपला स्टँड
(स्नेहमेळाव्यातील भाषण)

सन्माननीय सर, बाई आणि दहावी 'ब' मधल्या (व नाइलाजानं 'अ' मधल्याही) मित्रमैत्रिणींनो,

संयोजकांनी मला बारा मिनिटं दिली आहेत आणि विषय माझ्यावर सोपवला आहे. माझ्या आधी आपली डॉक्टर मैत्रीण हृदयाबद्दल बोलली, माझ्यानंतर आपला बँकवाला ठेवींबद्दल बोलेल. मधे मी, सायकलवाला. वडिलांचं दुकान १९८१ पासून माझ्या हातात आहे, तेव्हा मी सायकलबद्दलच बोलणार. आणि सायकलबद्दल सगळं नाही, ती चोरीला कशी जाते आणि जाऊ नये म्हणून काय करायचं, एवढंच. हा विषय आजच का, ते पुढे येईल.

आपल्या वेळचं पुणं म्हणजे सायकलींचं शहर. शाळा सुटली की फाटकातून सायकलींचा लोंढा निघायचा. मधल्या दांडीखालून पाय घालून आपण सायकल शिकलो, डबलसीट पकडले गेलो, दिवा नाही म्हणून पोलिसांनी चाकातली हवा सोडलेली अनेकांना आठवत असेल. घरात एकच सायकल असायची. सकाळी ती वडिलांची, दुपारी थोरल्या भावाची, आणि संध्याकाळी कुणी मागितली नाही तर आपली. नवीन घ्यायची म्हणजे बऱ्याच घरांत महिन्याच्या पगाराचा प्रश्न होता.

चोऱ्या तेव्हाही होत्या. पण जायचं काय, तर डायनॅमो, दिवा, घंटी, पंप, फार तर सीट. आख्खी सायकल गेली तरी पुष्कळदा ती दोन दिवसांनी स्टेशनजवळ नाहीतर एखाद्या थिएटरच्या भिंतीला टेकलेली सापडायची. कुणाला तरी पोचायची घाई होती, एवढाच अर्थ. आपल्या रसायनशास्त्राच्या सरांची सायकल तर कधीच कुणी नेली नाही. तिला कुलूप नसायचं. पण ब्रेक लावला की जो आवाज यायचा, तो तीन वर्गांत ऐकू जायचा. ती घेऊन पळणार कोण? (सर हसताहेत, म्हणजे परवानगी आहे.)

मग 'बायसिकल थीव्ह्ज' आठवतो. व्हित्तोरिओ दे सिकाचा हा १९४८ सालचा इटालियन चित्रपट. मुंबईत १९५२ साली आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात तो दाखवला गेला आणि आपल्याकडच्या दिग्दर्शकांवर त्याचा मोठा परिणाम झाला. मी तो कॉलेजात असताना पाहिला. बाकीचे सगळे कॅमेऱ्याबद्दल बोलत होते. मी मात्र सायकलवाल्याचा मुलगा, माझं लक्ष एकाच गोष्टीवर. त्या माणसाला भिंतीवर पोस्टर चिकटवायची नोकरी मिळते, पण अट अशी की सायकल स्वतःची हवी. बायको घरातल्या चादरी गहाण टाकते आणि गहाण पडलेली सायकल सोडवून आणते. पहिल्याच दिवशी तो शिडीवर चढलेला असताना सायकल जाते. तिला कुलूप नाही, साखळी नाही, नुसती भिंतीला टेकवलेली. लोक चित्रपट पाहून रडत होते, मला मात्र त्याला खडसावावंसं वाटत होतं.

आता कामाचं बोलतो. आपल्या देशी सायकलीच्या मागच्या चाकाला जे अर्धगोल कुलूप असतं, सळई तारांमधून आरपार जाते ते, त्यानं सायकल स्वतःलाच बांधली जाते, जमिनीला नाही. गाईच्या गळ्यात दावं आहे, पण दावं खुंट्याला बांधलेलं नाही, असा तो प्रकार. जुनी काळी सायकल वीसेक किलोची, ती उचलून नेणाऱ्याकडे चार माणसं वळून बघायची. आजची गिअरची ॲल्युमिनियमची सायकल बारा-चौदा किलोची. मागचं चाक किंचित उचलून धरायचं आणि पुढच्या चाकावर ढकलत न्यायची. बघणाऱ्याला वाटतं, पोराची सायकल पंक्चर झाली आहे.

तेव्हा खुंटा हवा, आणि खुंटा न हलणारा हवा. फलकाचा खांब निवडलात तर आधी तो हलवून बघा, आणि वर बघा. सायकल उचलून वरून काढता येत असेल तर तो खांब नव्हे. भिंतीत पक्कं केलेलं गज चालतं, फाटकाची सैल झालेली जाळी चालत नाही.

मग कुलूप कशातून घालायचं? नुसतं पुढच्या चाकातून घालणारे लोक मला रोज दिसतात. आजकालच्या पुष्कळ सायकलींना चाक काढायला पाना लागत नाही, एक खटका फिरवला की चाक सुटतं. तुलिओ काम्पान्योलो या इटालियन सायकलपटूनं १९३० साली शर्यतीतल्यांसाठी काढलेली ही सोय. चोरांना ती मनापासून आवडली. चोर पुढचं चाक तुमच्या कुलपासकट तिथेच ठेवतो आणि बाकीची सायकल नेतो. कुलूप फ्रेममधून, मागच्या चाकातून आणि खुंट्यातून जायला हवं. मागचंच चाक अशासाठी की गिअर तिथे असतात, ते महाग पडतं. पुढचं चाक सुटणारं असेल तर त्यासाठी एक वायर वेगळी, किंवा खटका काढून तिथे साधा नट बसवून घ्या. माझ्याकडेच या असं नाही, कुणीही बसवून देईल.

कुलपांचं सांगतो. प्लास्टिकच्या आवरणातली, गुंडाळून ठेवायची, चार आकड्यांची वायर सगळ्यांत जास्त खपते. दुकानदार म्हणून मी ती विकतो आणि विकताना प्रत्येकाला सांगतो, बाई, ही कुलूप म्हणून नेऊ नका, आठवण म्हणून न्या. आत बारीक तारांचा पीळ असतो. वायर कापायची कात्री मिळते, ती लावली की काम काही सेकंदांचं. त्यात लोक आकडे कसे फिरवतात? शेवटचा एक, फक्त एक घर. चोर आधी तेच फिरवून बघतो.

त्याहून बरी म्हणजे टेम्पर केलेल्या पोलादाची जाड साखळी, आणि सर्वांत बरं इंग्रजी 'यू'च्या आकाराचं कुलूप. तेही अभेद्य नाही. २००४ साली अमेरिकेत एका नामांकित कंपनीची गोल किल्लीची यू-कुलपं साध्या बॉलपेनच्या नळीनं उघडतात हे उघडकीला आलं, आणि कंपनीला ती बदलून द्यावी लागली. आज गोल किल्लीचं जुनं कुलूप कुणाकडे असेल तर ते बदला. आणि बॅटरीच्या ग्राइंडरपुढे तर कुठलंच कुलूप कायमचं टिकत नाही. पण ग्राइंडर आवाज करतो, ठिणग्या उडवतो, वेळ घेतो. चोराला लागणारा वेळ वाढवायचा, कुलूप तेवढ्यासाठीच.

लावण्यातही फरक आहे. कुलूप जमिनीवर लोळू देऊ नका. बोल्ट कटरचा एक दांडा जमिनीला टेकवून दुसऱ्यावर अंगाचा भार टाकता आला की साखळी तुटते, हवेत धरून तेवढा जोर येत नाही. यू-कुलपाच्या आत मोकळी जागा कमी ठेवा, म्हणजे पहार किंवा जॅक घालायला वाव राहत नाही. किल्लीचं तोंड खाली.

आता घरचं. तुम्हाला वाटेल, सायकली रस्त्यावरून जातात. माझ्या गिऱ्हाइकांच्या बहुतेक सायकली सोसायटीच्या पार्किंगमधून आणि जिन्याखालून गेल्या. 'आपल्याच बिल्डिंगमध्ये कशाला कुलूप?' हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलं आहे की दुकानावर पाटी लावावी.

सायकल गेलीच तर? आपल्यापैकी किती जणांना आपल्या किंवा नातवाच्या सायकलीचा फ्रेम नंबर माहीत आहे? हात वर करा. (दोन हात. त्यातला एक माझ्या पुतण्याचा.) सायकल उलटी करा, पायडलच्या दांड्याच्या खाली नळ्यावर कोरलेला असतो. काहींना सीटखालच्या नळ्यावर. त्याचा फोटो, सायकलीशेजारी उभं राहून एक फोटो आणि बिलाचा फोटो, असे तीन फोटो आज रात्री काढून ठेवा. सायकल सापडते, पण ती तुमचीच हे सिद्ध कसं करणार? लाल रंगाची आणि घंटी वाजते, एवढ्यानं भागत नाही. जपानमध्ये सायकलीची नोंदणी कायद्यानं सक्तीची आहे, नोंदणीचा स्टिकर फ्रेमवर असतो. आपल्याकडेही नगरपालिकेचे सायकलचे बिल्ले होते, तो कर चुकवायला आपण काय काय केलं ते इथे मुख्याध्यापकांसमोर नको.

बिल ठेवायचं आणखी एक कारण आहे, ते आपल्या वकील मित्राकडून तपासून घेतलं आहे. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली. तिच्या कलम ३०३ प्रमाणे चोरलेल्या वस्तूची किंमत ५,००० रुपयांपेक्षा कमी असेल, गुन्हा पहिलाच असेल आणि वस्तू किंवा तिची किंमत परत केली, तर शिक्षा समाजसेवेची. कोवळ्या पोराला तुरुंगात घालण्यापेक्षा हे मला पटतं. पण अशी चोरी अदखलपात्र धरली आहे, म्हणजे दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय पोलिसांना तपास करता येत नाही. म्हणजे जितकी सायकल जुनी, तितकं तिच्यामागे कोण धावणार हा प्रश्न मोठा. आणि जुनी सायकल कोण चालवतं?

चोरीचा माल जाणूनबुजून घेणं हा वेगळा गुन्हा, कलम ३१७. एका तरुणानं एकदा चांगली गिअरची सायकल आणली. तांबडी होती, काळी करून पाहिजे, आणि आजच पाहिजे. मी म्हटलं, बिल घेऊन उद्या ये. तो उद्या अजून उगवला नाही. जुनी सायकल स्वस्तात मिळते म्हणून हुरळणाऱ्यांनी ती आधी उलटी करावी. नंबर खरवडलेला असेल तर चालू लागावं.

आता आजचं कारण.

गेल्या जूनपासून दिवाळीपर्यंत आपल्या शाळेच्या आवारातून सहा सायकली गेल्या. हा आकडा मुख्याध्यापकांनीच मला दिला. त्यांतली एक माझ्या दुकानातून गेलेली, जुनी, दुरुस्त केलेली. नववीतल्या एका मुलीची. आई चार घरी काम करते, चार हप्त्यांत घेतली होती. दोन हप्ते राहिले असताना सायकल गेली. पुढच्या एक तारखेला आई दुकानात आल्या आणि तिसरा हप्ता माझ्यासमोर ठेवला. मी नको म्हटलं, तर म्हणाल्या, "दादा, सायकल गेली म्हणून उधारी जात नाही." मुलगी आता नदीपलीकडून चालत येते. पहिला तास बहुधा बुडतो, आणि पहिला तास गणिताचा असतो.

त्या मुलीनं कुलूप लावलं होतं. मी जाऊन पाहिलं. आपल्या शाळेत आजही तोच लोखंडी स्टँड आहे, पुढचं चाक खोबणीत घालायचा. आपल्या वेळीही त्यात चाकं वाकायची. त्याला फ्रेम बांधताच येत नाही, मुलांनी कुलूप लावायचं कुठे?

यावर उपाय जुना आणि साधा आहे. इंग्लंडमधल्या शेफील्ड शहराच्या नावानं ओळखला जातो. उलट्या 'यू'सारखी वाकवलेली जाड पाइपची कमान, पाऊण मीटर उंच, तेवढीच लांब, पाय काँक्रीटमध्ये फूटभर पुरलेले आणि आत आडवी सळई, म्हणजे उपटता येत नाही. दोन कमानींत एक मीटर अंतर. एका कमानीला दोन बाजूंनी दोन सायकली. शाळेत रोज नव्वदच्या आसपास सायकली येतात, म्हणजे ४५ कमानी. फॅब्रिकेशनवाल्यानं बसवून एकीचे २,८०० रुपये सांगितले, म्हणजे सगळं मिळून सव्वा लाखाच्या जवळपास. घासाघीस मी करीन.

आपल्या बॅचच्या निधीतून प्रवेशद्वाराला कमान बांधायची असं गेल्या बैठकीत ठरत आलं होतं, नावांची संगमरवरी पाटीही. माझा त्याला विरोध आहे, हे मी इथे सर्वांसमोर सांगतो. कमानच बांधायची असेल तर या ४५ बांधू. पाटी हवीच असेल तर स्टँडच्या भिंतीवर लहानशी लावा, मुलं कुलूप लावताना वाचतील.

मुख्याध्यापकांनी जागा दाखवली आहे, पूर्वेच्या भिंतीलगत, जिथे आपण गोट्या खेळायचो. दोन रांगा बसतात का आणि मधे दीड मीटर वाट उरते का, ते मोजायचं आहे. मी टेप आणली आहे, दुसरं टोक धरायला कुणीतरी हवं. जेवणानंतर सव्वादोनला तिथे भेटू. गुडघे दुखणाऱ्यांसाठी खुर्च्या सांगून ठेवल्या आहेत.