दाखला कोणाच्या नावाने?

(कोराडी येथे कार्यकर्त्यांपुढे केलेले भाषण)



वयात येणे म्हणजे काय, याचे कायद्याने दिलेले उत्तर सोपे आहे. 18 वर्षे पूर्ण झाली की माणूस सज्ञान होतो. 1989 पासून मताधिकारही याच वयात मिळतो. परंतु घरातले सज्ञानपण जन्मतारखेवर ठरत नाही. उपजीविकेचे साधन कोणाच्या हाती आहे, यावर ते ठरते. कोराडीत हे स्वच्छ दिसते.

महालक्ष्मी जगदंबेच्या या गावात पूर्वी शेतकऱ्याच्या मुलाने वखर हाती धरला की तो कर्ता मानला जाई. 1974 मध्ये औष्णिक वीज केंद्राचा पहिला संच सुरू झाला. पुढे 660 मेगावॅटचे तीन संच आले. जमिनी गेल्या, परंतु वडिलांची सत्ता गेली नाही. सातबाऱ्यावरची ती सत्ता प्रकल्पग्रस्ताच्या दाखल्यावर येऊन बसली.

या दाखल्याने शासकीय नोकरीत प्राधान्य मिळते. मात्र एका घरातून नामनिर्देशन एकाचेच. ते कोणाचे? परंपरेचे उत्तर ठरलेले असते: मुलाचे. त्या मुलाला दुसरे काही शिकायचे असेल, तर ‘घराण्याची जमीन तुझ्या नोकरीसाठी गेली’ असे त्याला ऐकवले जाते. बहिणीला तर कोणी विचारतच नाही. एकावर वारसा लादला जातो, दुसरीला तो नाकारला जातो. दोघेही सज्ञान, आणि दोघेही परतंत्र!

वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क महाराष्ट्राने 1994 मध्ये दिला, देशाने 2005 मध्ये. जमिनीत जो हक्क आहे, तो जमिनीच्या मोबदल्यात का नसावा?

केवळ परंपरेला दोष देऊन मात्र भागणार नाही. घरामागे एकच नोकरी असली की बहीण-भाऊ प्रतिस्पर्धी होतात आणि टंचाईच्या आधाराने जुनी रूढी बळावते. मोबदल्याच्या दरासाठी लढताना तो घरात कोणाच्या वाट्याला येतो, हे समाजवादी चळवळीने पुरेसे पाहिले नाही. हा दोष चळवळीने मान्य केला पाहिजे.

म्हणून दोन मागण्या हव्यात. नामनिर्देशनापूर्वी प्रत्येक सज्ञान अपत्याची, मुलीचीही, लेखी संमती घ्यावी. आणि प्रकल्पग्रस्त घरातील इतर तरुणांसाठीही प्रशिक्षण व रोजगाराची जबाबदारी शासनाने उचलावी.

कार्यकर्त्यांनी घरोघर जाताना वडिलांशी बोलावेच. पण आत उभ्या असलेल्या मुलीलाही तिचे मत विचारावे.