मुदतीची हमी आणि न्यायासनाची बेअदबी

भंडाऱ्याच्या बाजारपेठेत एक दुकान आहे, असे समजावे. भाडेकरूने तीस वर्षे तेथे व्यापार केला. मालकास ती जागा आता मुलाच्या धंद्याकरिता हवी आहे. असे तंटे तुमसर, साकोली, पवनी या गावीही आढळावयाचे. दाव्याचा निकाल मालकाच्या बाजूने लागतो, अपील फेटाळले जाते, आणि उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढे भाडेकरूचे वकील अखेर एवढेच मागतात की, अशिलास वर्षभराची मुदत मिळावी. मुदत मिळते, परंतु हमीपत्रावर. जागा आपल्याच ताब्यात आहे, तीत पोटभाडेकरू घालणार नाही, दरमहाची रक्कम भरीन आणि अमुक तारखेस कबजा देईन, असे भाडेकरू शपथेवर लिहून देतो. वर्ष सरते, तारीख उलटते. दुकानाच्या फळ्या मात्र रोजच्याप्रमाणे उघडतात.

या जिल्ह्यात अशा तंट्यांचे आयुष्य फार लांब असे. १९४९ च्या मध्यप्रांत-वऱ्हाड घरभाडे नियंत्रण आदेशाप्रमाणे मालकास आधी भाडे नियंत्रकाची परवानगी मिळवावी लागे, नंतर नोटीस आणि मग दिवाणी दावा. ३१ मार्च २००० रोजी महाराष्ट्राचा नवा भाडे नियंत्रण कायदा अमलात आला, तेव्हा ही दुहेरी वाट बंद झाली. इतकी वर्षे झगडलेल्या मालकास मुदतीचे ते शेवटचे वर्ष किती जड जात असेल, हे सांगावयास नको.

हुकूमनामा झाला आणि भाडेकरू उठला नाही, एवढ्याने बेअदबी होत नाही. मालकाने दरखास्त द्यावी आणि बेलिफाने कबजा मिळवून द्यावा, हा त्यावरचा नेहमीचा मार्ग. हमीची गोष्ट निराळी. ती मालकास नव्हे, न्यायासनास दिलेली असते, आणि तिच्यावर विसंबूनच न्यायासनाने हुकूमनाम्याची बजावणी थोपविलेली असते. ती हेतुपुरस्सर मोडणे ही १९७१ च्या कायद्याप्रमाणे दिवाणी बेअदबी होय.

ठाण्यातील एका हॉटेलच्या जागेबाबत असेच घडले. भाडेकरूने हमी देऊन मुदत घेतली व ती संपल्यावरही जागा सोडली नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९८९ च्या निकालात त्यास बेअदबीबद्दल दोषी धरून दंड केला आणि शिवाय जागेचा कबजा देवविला. हा दुसरा भागच महत्त्वाचा. कायद्यातील दंडाची कमाल मर्यादा अवघी २,००० रुपये; मोक्याच्या जागेवर बसलेला व्यापारी तेवढे हसत भरील. दंडाने न्यायाचा हेतू साधत नाही असे वाटल्यास न्यायालय दिवाणी तुरुंगाचा हुकूम करू शकते, तो सहा महिन्यांपर्यंत.

‘हेतुपुरस्सर’ या शब्दाला येथे मोठे वजन आहे. ऑगस्ट २०२० मध्ये वैनगंगेचे पाणी भंडारा शहरात शिरले होते. अशा पुरात नेमकी कबजाची तारीख आली, तर उशिरास बेअदबी कोण म्हणेल? परंतु पाणी ओसरताच भाडेकरूने न्यायालयाकडे जाऊन मुदतवाढ मागितली पाहिजे. गप्प बसून राहणाऱ्यास पुराची सबब फार दिवस पुरत नाही.

मालकही या कैचीतून सुटलेला नाही. भाडेकरूने मनाई हुकूम मिळविला असता रातोरात कुलूप ठोकणारे आणि वीज तोडणारे मालक काही थोडे नाहीत. अशा वेळी नागपूर गाठण्याचे कारण नाही. ज्या न्यायालयाने तात्पुरता मनाई हुकूम दिला, तेच दिवाणी प्रक्रिया संहितेप्रमाणे मालकाची मालमत्ता जप्त करू शकते आणि त्यास तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगात ठेवू शकते. हमी मोडल्याची तक्रार घेऊन उच्च न्यायालयात जाणाऱ्या मालकाने मात्र दिनदर्शिकेवर नजर ठेवावी. बेअदबी घडल्यापासून एक वर्ष लोटले की त्या कायद्याखाली कारवाई सुरू करण्यास सामान्यतः अडसर येतो.