खांद्यापासून बोटांपर्यंत

विद्यार्थिमित्रहो, आपल्या लखनौचे किंग जॉर्ज वैद्यकीय महाविद्यालय १९११ साली सुरू झाले. उद्या तुमच्यापैकी कोणी तेथे शिकू लागला, तर प्रथम हाती येतील ती हाडे. गळ्याखालचे जत्रू, खांद्याचे पाते, दंडाचे १, कोपराखालची २, मनगटाची ८, तळहाताची ५ व बोटांची १४. एका बाजूची एकूण ३२. यांपैकी धडाच्या सांगाड्याशी सांध्याने जोडलेले एकटे जत्रू. म्हणूनच पसरलेल्या हातावर पडल्यास आघात तेथवर पोहोचून ते मोडू शकते. अशा वेळी खांदा चोळू नये. हात झोळीत बांधून डॉक्टरांकडे जावे. आणि स्मरणात असू द्या, अभ्यासातले प्रत्येक हाड कधीकाळी कोणाच्या तरी राबत्या हातात होते. ते आदराने उचला. तुमच्या हातून रुग्णांची सेवा घडली, तरच ते ऋण फिटेल.