मतपेटी आणि रुपेरी पडदा



चलच्चित्र आणि निवडणूक यांची गाठ फार लवकर पडली. १८९६ साली अमेरिकेच्या अध्यक्षपदासाठी मॅक्किन्ले आणि ब्रायन यांच्यात सामना होता. ब्रायन आगगाडीने देशभर हिंडून भाषणे देत होते. मॅक्किन्ले ओहायोतील कँटन गावी घराच्या ओसरीवरूनच लोकांशी बोलत. तेथील अंगणात त्यांचे एक छोटे मूकचित्र घेण्यात आले आणि १२ ऑक्टोबरला ते न्यूयॉर्कच्या एका नाट्यगृहात झळकले. मॅक्किन्ले सचिवासह हिरवळीवरून चालत येतात, हातातला कागद वाचतात, एवढेच! पण घर न सोडणारा उमेदवार त्या रात्री न्यूयॉर्ककरांच्या भेटीस आला. ते निवडूनही आले.

हे चित्र निदान उघडउघड उमेदवाराचे होते. १९३४ साली कॅलिफोर्नियात याच्या पुढची मजल गाठली गेली. कादंबरीकार अप्टन सिंक्लेअर तेथे गव्हर्नरपदासाठी उभे होते. ओस जमिनी आणि बंद कारखाने बेकारांच्या हाती द्यावेत, ही त्यांची योजना. चित्रपटधंद्यातील धनिक बिथरले. मेट्रो-गोल्डविन-मेयर या कंपनीने आयर्विंग थॅलबर्ग यांच्या पुढाकाराने निवडणुकीचे वार्तापट काढले आणि ते चित्रगृहांतून दाखवले. वाटेवरच्या मतदारांना प्रश्न विचारायचे, अशी त्यांची मांडणी. विरोधी उमेदवार मेरियम यांच्या बाजूने बोलणारे बहुधा नीटनेटके, घरंदाज. सिंक्लेअरांच्या बाजूचे गबाळे, अडखळणारे. एका वार्तापटात तर मालगाड्यांतून भटक्यांचे तांडे राज्यात लोटत असल्याची भीती घातली होती.

मेरियम यांना सुमारे ११ लाख ३८ हजार मते पडली, सिंक्लेअर यांना ८ लाख ७९ हजार. हा पराभव केवळ वार्तापटांनी घडवला, असे आम्ही म्हणणार नाही. तिसरा उमेदवार रिंगणात होता. अध्यक्ष रूझवेल्ट यांनीही सिंक्लेअरांना पाठिंबा दिला नाही. तरीही आम्हांस एक गोष्ट महत्त्वाची वाटते. सभेला जाणारा मनुष्य सावध असतो. वक्ता कोणत्या पक्षाचा, हे त्याला ठाऊक असते. चित्रगृहात तो करमणुकीसाठी पैसे मोजून बसतो आणि समोर येते ते 'वार्ता' या नावाने. तेथे तर्क झोपी जातो आणि डोळे तेवढे जागे राहतात.

म्हणून पडद्यावर मतदार बोलू लागला, की आपण तीन प्रश्न विचारावेत: याला कोणी निवडले? कोणाचे बोलणे कापले? आणि या फितीचा खर्च कोणी सोसला? मतपत्रिकेवर शिक्का मारणे असो वा यंत्राचे बटण दाबणे असो, उत्तरे त्याआधी हवीत.