आपलीच थट्टा

निपाणीचा वा बेळगावचा मुलगा शिक्षणासाठी पुण्यास जातो. वसतिगृहात पहिल्याच दिवशी "बसा की", "जेवा की" असे त्याच्या तोंडून निघते आणि त्या लांबलेल्या 'की'वर हशा पिकतो. आठवडाभरात तोच आपल्या बोलीची नक्कल करून मित्रांना हसवू लागतो. "आमची मराठी सीमेवरची, दोन्ही नाक्यांवर जप्त झालेली!" पहिली टपली आपणच आपणांस मारली, की इतरांच्या हाताला काम उरत नाही. युक्ती जुनी आहे, आणि बहुधा फळतेही. परंतु रात्री दिवा मालवल्यावर त्याच मुलाला स्वतःच्या आवाजाचा तिटकारा येऊ लागला, तर त्या हशाचा हिशेब पुन्हा मांडावा लागतो.

फ्रॉइडने सांगितलेली कथा प्रसिद्ध आहे. सोमवारी फाशीकडे नेला जाणारा कैदी उद्गारतो, "वा, आठवड्याची सुरुवात तर छान झाली!" विनोदावरील १९२७ च्या निबंधात फ्रॉइड म्हणतो की, एरवी माणसाला आतून दरडावणारा न्यायाधीशच अशा क्षणी वडीलधारा होऊन भेदरलेल्या मनाची समजूत घालतो. आत्मद्वेष हे त्याच न्यायाधीशाचे दुसरे रूप. शब्द तेच असतील. आवाजात माया नसते. कॅनडातील रॉड मार्टिन आदी मानसशास्त्रज्ञांनी २००३ मध्ये विनोदाच्या चार तऱ्हा सांगितल्या. त्यांत संकटातही मन सावरणारी एक आहे, आणि इतरांची मर्जी राखण्यासाठी स्वतःलाच तुडविणारीही एक आहे. या दुसरीचे नाते खिन्नतेशी आढळले.

मायेचा आवाज कसा असतो, हे बेळगावकरांस निराळे सांगावयास नको. पु. ल. देशपांडे यांच्या 'गणगोता'तील रावसाहेब याच गावचे. कानडी वळणाची मराठी आणि तोंडात सदैव शिवी. पण ती ऐकणाऱ्याला जवळ ओढणारी! त्या बोलण्यात ओशाळलेपणाचा लवलेश नाही.

वस्तुतः ओशाळण्याजोगे आहे तरी काय? कानडीत निर्जीव वस्तूंना स्त्रीलिंग-पुल्लिंग असा भेद नाही. दोन्ही भाषा नांदणाऱ्या घरातील मुलाचे लिंग चुकते ते त्यामुळे, मूर्खपणामुळे नव्हे. हे ज्याला उमगले तो नक्कल सोडणार नाहीच. "आमच्या घरी खुर्ची आणि पलंग यांना सारखाच मान," असे तो सांगेल, आणि 'की' आणखी थोडा लांबवून मित्रांना म्हणेल, "हसा की!"