काळारामाचा दरवाजा आणि मोटरसायकल
(नाशिकमध्ये तरुणांपुढं केलेलं भाषण)



मी गोदीत माल उचलणारा माणूस. शिक्षण मॅट्रिक. कविता करतो म्हणून बोलावलंत, पण आज कविता म्हणणार नाही. तिला फुकटच्या टाळ्या पडतात.

परंपरा की आधुनिकता, असा विषय दिलाय. ज्यांच्या घरात परंपरेची तिजोरी आहे त्यांना हा प्रश्न शोभतो. आपल्या वाट्याला परंपरा आली ती बंद दरवाजा होऊन. तो दरवाजा इथंच, पंचवटीत आहे. २ मार्च १९३० ला बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. चार दरवाजांवर पहिल्या तुकडीत १२५ पुरुष आणि २५ बाया बसल्या. पुढं दादासाहेब गायकवाडांनी लढा वर्षानुवर्षं रेटला. दरवाजा उघडला नाही. मग १३ ऑक्टोबर १९३५ ला याच जिल्ह्यात, येवल्यात, बाबासाहेबांनी हिंदू म्हणून मरणार नाही असं जाहीर केलं.

हिशेब करा. १९३० ला ज्या पोराला मिसरूड फुटत होतं, ते येवल्याच्या वेळी २३ वर्षांचं. पाच वर्षांत त्यानं दरवाजा मागितला आणि त्याच दरवाजाकडं पाठही फिरवली. इतक्या झपाट्यानं वयात आलेली दुसरी पिढी दाखवा मला!

आता आपलं बघा. आईनं वणीच्या देवीचा टाक तांदळाच्या डब्यात लपवलाय म्हणून आपण तिच्यावर ओरडतो. अरे, पोरं तापानं फणफणली तेव्हा दवाखाना लांब होता, देवी डब्यात होती. तिच्याशी वाद घाला, जरूर घाला. पण शेजारी बसून घाला.

आणि आपण मोठे आधुनिक! पत्रिकेवर बाबासाहेबांचा फोटो, मांडवात बुद्धवंदना, आणि आतल्या खोलीत पोरीच्या बापाकडं मोटरसायकल. सातपूरला कारखान्यात पक्की नोकरी लागली की नवरदेवाचा भाव चढतो. बाप व्याजानं पैसे काढतो. हुंडा १९६१ पासून गुन्हा आहे, हे काय आपल्याला माहीत नाही? हिंदू कोड बिल रखडवलं म्हणून बाबासाहेबांनी १९५१ ला मंत्रिपद सोडलं. आपल्याला एक मोटरसायकल सोडवत नाही.

बहिणीला तर कुणी विचारतच नाही. दहावी झाली की घरात बस, जमाना खराब आहे. जमाना म्हणजे कोण रे? चौकात आपणच उभे असतो ना? १९३० चा जमाना काय चांगला होता? तरी २५ बाया दरवाजात बसल्या.

या सभेत बाया किती आल्यात? मोजा. तोवर मी थांबतो.