वाकलं की बरं वाटतं

(महिला गटांच्या आरोग्यविषयक बैठकीत केलेल्या भाषणाचं शब्दांकन)



आपल्या बैठकांमध्ये आपण पाळी, बाळंतपण, पांढरं जाणं, गर्भपात यांविषयी भरपूर बोललो. ते बोलायलाच हवं होतं. पण पाळी गेली की बाईचं शरीरही जणू चर्चेतून जातं. साठीनंतरच्या बाईचं दुखणं ‘वय झालं’ या दोन शब्दांत उरकलं जातं. आज मी मुद्दाम अशा एका दुखण्याविषयी बोलणार आहे, जे या वयातच जास्त दिसतं आणि ज्याच्यापायी बाई खोटारडी ठरते. डॉक्टर त्याला ‘लंबर कॅनॉल स्टेनोसिस’ म्हणतात. आपल्याकडे ‘मणक्यात गॅप आहे’, ‘नस दबलीय’ असं म्हणतात. पण कमरेच्या दहा वेगवेगळ्या दुखण्यांना आपण हीच नावं देतो, त्यामुळे त्यातून फारसं काही कळत नाही. मी डॉक्टर नाही. समाजकार्य शिकले आणि दवाखान्यांच्या रांगांमध्ये बायकांबरोबर बसत आले. तिथे जे विचारायला हवं असतं आणि विचारलं जात नाही, ते सांगते.

पाठीच्या कण्यातून एक पोकळ वाट खाली उतरते. कमरेपाशी तिच्यातून पायांकडे आणि लघवीच्या पिशवीकडे जाणारे मज्जातंतू असतात. वय वाढतं तशा मणक्यांमधल्या चकत्या झिजून मागे फुगतात, सांधे जाड होतात, आतले बंधही जाड होतात आणि वाट अरुंद होते. एक मणका दुसऱ्यावरून पुढे सरकण्याचा प्रकारही असतो. तो बायकांमध्ये पुरुषांपेक्षा जास्त आढळतो. आता महत्त्वाची गोष्ट ऐका. ताठ उभं राहिलं की ही वाट आणखी आवळली जाते. पुढे वाकलं किंवा बसलं की ती थोडी मोकळी होते.

आमच्या वस्तीत भाजीची हातगाडी लावणाऱ्या एक मावशी आहेत. दांड्यावर भार टाकून, वाकून गाडी ढकलत त्या मंडईपासून वस्तीपर्यंत येतात. पण रेशनच्या रांगेत दहा मिनिटं उभं राहिलं की मांड्या-पोटऱ्या भरून येतात, मुंग्या येतात, पाय शिशाचे होतात. घरचे म्हणायचे, “धंद्याला जाताना पाय दुखत नाहीत, रेशनला जायचं म्हटलं की बरे दुखतात!” दुसऱ्या एक आजी वाकून केर काढतात, बसून भांडी घासतात, पण ओट्याशी उभं राहून चार पोळ्या लाटता येत नाहीत. सून म्हणते, हे सोयीचं दुखणं आहे. (सुनेला दोष देऊन मोकळ्या होऊ नका. त्या चार पोळ्या शेवटी तिच्याच वाट्याला येतात.) या दोघी खोटं बोलत नव्हत्या. हे दुखणं असंच वागतं. वाकलं की बरं वाटतं, बसलं की उतरतं, चढापेक्षा उतार जड जातो. आपल्या गटातल्या कोणी असं सांगितलं, तर तिला डॉक्टरांना ते याच शब्दांत सांगायला शिकवा. ‘पाय दुखतात’ एवढंच सांगितलं तर गुडघ्याची गोळी मिळते आणि विषय संपतो.

पायाच्या रक्तवाहिन्या अरुंद झाल्या तरी चालताना पोटऱ्या दुखतात, पण तिथे नुसतं थांबून उभं राहिलं तरी आराम पडतो. इथे बसावं किंवा वाकावं लागतं. मधुमेह असलेल्या बाईला दोन्ही असू शकतं. तेव्हा पावलांच्या नाड्या तपासायला सांगा.

कंबर दुखते म्हणून बाई गेली की पहिला संशय गर्भपिशवीवर जातो. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोडणी करणाऱ्या बायकांच्या पिशव्या मोठ्या संख्येने काढल्याचा प्रश्न २०१९ साली गाजला, चौकशीसाठी सरकारला समिती नेमावी लागली. त्या बायका वयाने कितीतरी लहान होत्या, त्यांचा प्रश्न वेगळा आहे. पण बाईचं दुखणं म्हणजे पिशवीचं दुखणं, ही सवय तीच. पिशवी काढल्याने कण्यातली वाट रुंद होत नाही.

मग एमआरआय. त्याचा कागद हातात आला की घर हादरतं. पण नुसत्या फोटोवर निर्णय होत नाही. १९९० साली प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकी अभ्यासात कंबर-पायाची कसलीच तक्रार नसलेल्या लोकांचे एमआरआय काढले होते. त्यांच्यातल्या साठी ओलांडलेल्यांपैकी सुमारे दर पाचांत एकाची वाट अरुंद दिसली. फोटो आणि बाईचा त्रास जुळतो का, हे डॉक्टरांनी तिला तपासून, तिच्याशी बोलून ठरवायचं असतं. तिच्याशी. शेजारी उभ्या असलेल्या मुलाशी नव्हे.

बहुतेक वेळा घाई नसते, हे मला मोठ्याने सांगायचं आहे. ‘आता ऑपरेशन केलं नाही तर आजी लुळ्या पडतील’ अशी भीती घालून सही घेतलेली मी पाहिली आहे. पुष्कळ जणींचा त्रास वर्षानुवर्षं तसाच राहतो, काहींचा कमी होतो, काहींचा वाढतो. एकाएकी लुळं पडणं क्वचितच घडतं. घाई करायची ती वेगळ्या खुणांवर: लघवी अडली, किंवा नकळत लघवी-संडास होऊ लागली; मांड्यांच्या आतली, बसायची जागा बधिर झाली; पाऊल घसटू लागलं किंवा पायातली ताकद झपाट्याने कमी झाली. यांपैकी काहीही झालं तर त्याच दिवशी मोठ्या रुग्णालयात न्यायचं. आणि इथेच आपली बाई गप्प बसते. त्या जागेविषयी मुलाला कसं सांगणार? लघवीचं तर ‘अंग बाहेर येतंय म्हणून होत असेल’ म्हणून अंगावर काढते. म्हणून हे आपण विचारायचं, स्पष्ट शब्दांत.

उपचारांची सुरुवात व्यायामापासून. शिकलेल्या फिजिओथेरपिस्टकडून कंबर पुढे वाकवणारे, पोटाचे, मांड्यांचे व्यायाम, आणि बसत-बसत चालणं. सगळ्यांनी एका खोलीत राहायचं असताना, लुगडं नेसून, पाठीवर झोपून गुडघे छातीशी घ्यायचे कुठे, हा प्रश्न कोणत्याही पत्रकात नसतो. आमच्या गटाने दुपारी बालवाडी रिकामी असते ती वेळ धरली. ओट्याशी उंच स्टूल, रांगेत बसायला जागा, चाकांचा वॉकर, यांतही कमीपणा काही नाही. कमरेचा पट्टा मात्र वर्षानुवर्षं बांधून ठेवू नये.

गोळ्यांची चिठ्ठी तपासून घ्या. नेहमीच्या दुखणं मारणाऱ्या गोळ्या म्हातारपणी जठराला, मूत्रपिंडाला आणि रक्तदाबाला महाग पडतात. नसांसाठी म्हणून देतात त्या गोळ्यांनी झोप येते, तोल जातो, आणि या दुखण्यात त्यांचा उपयोग फारसा सिद्ध झालेला नाही. तोल जाऊन खुबा मोडला तर पुढचं सगळंच बदलतं.

कण्यात देतात त्या स्टिरॉईडच्या इंजेक्शनविषयी २०१४ साली अमेरिकेतल्या ४०० रुग्णांवरचा अभ्यास प्रसिद्ध झाला. नुसतं बधिर करणारं औषध आणि त्यात स्टिरॉईड मिसळलेलं, यांत सहा आठवड्यांनी जवळजवळ फरक नव्हता. एखादीला तात्पुरतं बरं वाटतंही. पण मधुमेह असेल तर साखर काही दिवस चढते, हे आधी माहीत हवं.

आता ऑपरेशन. त्यात मणक्याच्या मागचं थोडं हाड आणि जाड झालेला बंध काढून मज्जातंतूंना जागा करून देतात. पायांचं दुखणं आणि चालणं यांत त्याने चांगला फरक पडू शकतो. कंबरदुखीत तेवढा नाही. जुना बधिरपणा पूर्ण जाईल असंही नाही. जंतुसंसर्ग, मज्जातंतूंवरचं आवरण फाटणं, रक्ताची गाठ, पुन्हा ऑपरेशन लागणं हे धोके आहेत. २००८ च्या एका मोठ्या अमेरिकी अभ्यासात, ज्यांनी प्रत्यक्ष ऑपरेशन करून घेतलं त्यांना दोन वर्षांनी इतरांपेक्षा जास्त आराम होता. २०१५ साली १६९ जणांच्या अभ्यासात ऑपरेशनचा गट आणि फिजिओथेरपीचा गट दोन वर्षांनी जवळपास सारखेच निघाले. मात्र फिजिओथेरपीच्या गटातल्या निम्म्याहून अधिक जणांनी मधल्या काळात ऑपरेशन करून घेतलं होतं. म्हणजे दोन्ही वाटा खऱ्या आहेत. आधी व्यायामाला काही महिने द्यावेत, आणि तरीही दाराबाहेर पडता येत नसेल तर ऑपरेशनचा विचार करावा, असं मला या सगळ्यावरून वाटतं. सत्तरी उलटली एवढ्यावरून नाही म्हणायचं कारण नाही. हृदय, साखर, हाडांची ताकद बघून डॉक्टर ठरवतात. ‘आता किती दिवस राहिलेत, कशाला खर्च?’ हा मात्र वैद्यकीय मुद्दा नाही. हा प्रश्न सासऱ्यांच्या वेळी विचारला गेला होता का, एवढं विचारून बघा.

आणि स्क्रू. नुसती जागा करून देणं वेगळं, आणि स्क्रू-सळया घालून मणके जोडणं वेगळं. बिल इथे फुगतं. स्वीडनमध्ये ५० ते ८० वयाच्या २४७ जणांचा अभ्यास २०१६ साली प्रसिद्ध झाला. मणके जोडलेल्यांना दोन वर्षांनी काही जास्त फायदा दिसला नाही. रक्त जास्त गेलं, रुग्णालयात जास्त राहावं लागलं, खर्च वाढला. मणका सरकलेला, अस्थिर असेल तर जोडण्याची गरज पडू शकते, पण ‘माझ्याच बाबतीत का?’ हे विचारायला हवं. दुसऱ्या डॉक्टरांचं मत घेणं हा हक्क आहे. महाराष्ट्रात २०२१ च्या सुधारित नियमांनुसार खाजगी रुग्णालयांनी रुग्णहक्कांची सनद दर्शनी भागात लावणं बंधनकारक आहे. तिच्यासमोर उभं राहून विचारा.

तारीख घेण्याआधी आणखी एक हिशेब करायचा: त्यानंतर काही आठवडे हंडा कोण उचलणार? ‘आराम करा’ हे कागदावर लिहिलेलं असतं. मावशींच्या घरी आम्ही मुलगा, सून, नातू सगळ्यांना बसवून कामं वाटली आणि ती भिंतीवर लिहिली. मावशींनी तूर्त ऑपरेशन नको म्हटलं. व्यायाम चालू आहे आणि रेशनच्या रांगेत आता नातू उभा राहतो.

पैशांसाठी महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना आहे. कोणतं ऑपरेशन कोणत्या रुग्णालयात बसतं, ते तिथल्या आरोग्यमित्राला आधी विचारून घ्या. ऑक्टोबर २०२४ पासून सत्तरी पूर्ण केलेल्या सर्वांना, उत्पन्न न बघता, आयुष्मान वय वंदना कार्ड मिळतं. त्यासाठी वय आधारवरचं धरतात. आपल्या कितीतरी आज्यांचं वय आधार काढताना अंदाजाने घातलेलं आहे. या महिन्यात गटागटांत सगळ्यांची आधारकार्डं बघून घ्या. दुरुस्तीला वेळ लागतो.